बोहल्यावरून उतरल्यावर

आमच्या वाशीत विष्णुदास भाव्यांच्या नावाचे नाट्यगृह आहे, आणि शनिवारी रात्री तिथे लग्नसंसारावरचे विनोदी नाटक लागले की आमच्या घरी स्वयंपाकाला सुट्टी असते. परवा दिवाळीच्या खरेदीची पिशवी हातात घेऊनच आम्ही उभयता तिथे पोचलो. नाटक नेहमीच्याच घाटाचे होते. नवरा-बायको, दोन खोल्यांचा ब्लॉक, एक आगंतुक पाहुणा आणि एक गैरसमज. नवऱ्याने बायकोच्या स्वयंपाकावर कोटी केली, नाट्यगृह खदखदले, मीही हसलो. मग बायकोने असा काही टोला परतवला की हशा दुप्पट झाला. मध्यंतरात बटाटेवडा खाताना मी हिला म्हटले, "आज तुला नाटक फारच आवडलेलं दिसतंय!"

"अहो, पहिल्या वाक्याला तुम्ही माझ्याकडे बघून हसलात," ही म्हणाली. "दुसऱ्या वाक्याला बघितलंत का?"

नव्हते बघितले. पुढचा अंक समोर चालला होता, पण माझ्या डोक्यात निराळेच नाटक सुरू झाले. लग्नाच्या विनोदात हसू नेमके कुणावर पडते?

मी मूळचा सांगलीचा. तेव्हा या नाट्यगृहाच्या नावाबद्दल मला थोडी घरचीच आपुलकी आहे. विष्णुदास भाव्यांनी श्रीमंत चिंतामणराव आप्पासाहेब पटवर्धनांच्या आश्रयाने ५ नोव्हेंबर १८४३ रोजी सांगलीत 'सीतास्वयंवर' केले. दिवाळीच्या आगेमागे येणारा हा दिवस आपण रंगभूमिदिन म्हणून पाळतो. म्हणजे वाचकहो, मराठी नाटकाचा नारळच मुळी एका लग्नात फुटलेला आहे! सूत्रधाराने गायचे, विदूषकाने हसवायचे, राक्षसांनी आरडाओरड करायची, सीता एखाद्या पोरसवद्या मुलाने व्हायची, आणि धनुष्य मोडून माळ पडली की खेळ संपला. नंतर सीतेचा संसार कसा झाला हे सर्वांना ठाऊक होते, पण ती काही हसण्याची गोष्ट नव्हती.

बोहल्यावरून उतरल्यानंतरचे हसू रंगभूमीवर आले ते पुढे तीस-चाळीस वर्षांनी, आणि आले ते बायकोच्या अंगावर धावूनच. काळच तसा होता. १८८४ साली दादाजी भिकाजीने रखमाबाईवर मुंबईच्या हायकोर्टात दावा लावला. लहानपणी लागलेले लग्न मला मान्य नाही, असे ती म्हणत होती. १८८७ साली कोर्टाने तिला सांगितले, नवऱ्याकडे नांदायला जा, नाहीतर सहा महिने तुरुंगात जा. तुरुंग पत्करला, असे ती बाणेदारपणे म्हणाली. १८८८ साली प्रकरण तडजोडीने मिटले आणि ती पुढे विलायतेला जाऊन डॉक्टर झाली. या दाव्याच्या ऐन गदारोळात, १८८६ साली, नारायण बापूजी कानिटकरांची 'तरुणीशिक्षणनाटिका' आली. शिकलेली बायको ही तिच्यातली चेष्टेची वस्तू. मुली शिकल्या तर घर कसे बुडेल, हे प्रेक्षकांनी पोट धरून पाहावे अशी योजना होती. कानिटकरांची लेखणी अगदीच पोचट असती तर तिची आठवण काढायचे कारण नव्हते. पण चांगला हशा हे हत्यार आहे, आणि ते कुणाच्याही हातात चालते.

ते हत्यार दुसऱ्या बाजूला वळवले आमच्या सांगलीजवळच्या हरिपूरच्या गोविंद बल्लाळ देवलांनी. १८९३ साली त्यांनी 'फाल्गुनराव' लिहिले. मूळ कल्पना मोलिएर या फ्रेंच नाटककाराची, १६६० सालची. मर्फी नावाच्या आयरिश लेखकाने १७६१ साली ती आपल्या नाटकात घेतली, आणि तिथून ती देवलांच्या हाती आली. त्यालाच पुढे पदांचा साज चढून १९१६ साली, म्हणजे देवल ज्या वर्षी वारले त्याच वर्षी, गंधर्व नाटक मंडळीने 'संशयकल्लोळ' रंगभूमीवर आणले. एक तसबीर भलत्याच्या हातात पडते आणि फाल्गुनरावाला बायकोचा संशय येतो. तिकडे कृत्तिकेलाही फाल्गुनरावाचा संशय येतो, आणि तीही तितक्याच हिरिरीने पाळतीवर राहते! रखमाबाईच्या खटल्याला पाच वर्षे झालेली असताना रंगभूमीवरची एक गृहिणी नवऱ्याचा जाबजबाब घेते, आणि प्रेक्षक त्या दोघांना एकाच मापाने हसतात, ही गोष्ट मला लहान वाटत नाही. एक गंमत मात्र विसरता कामा नये. नवरा गणपतराव बोडस आणि रेवती बालगंधर्व. बायकांची सगळी उत्तरे पुरुषाने लिहायची आणि पुरुषानेच लुगडे नेसून द्यायची.

देवलांचे दुसरे नाटक म्हणजे 'शारदा', १८९९ सालचे. पंचाहत्तरीचा भुजंगनाथ, पैशाला हपापलेला बाप कांचनभट, आणि मधला दलाल भद्रेश्वर दीक्षित. हे लग्न मोडते कसे, हे पुष्कळांच्या लक्षात राहत नाही. वराचे वय झाले म्हणून ते मोडत नाही, कारण म्हाताऱ्याला अडवील असा कायदाच नव्हता. १८९१ च्या संमतिवयाच्या कायद्याने वयाची अट बारापर्यंत नेली होती, पण लग्नाला हात लावला नव्हता. म्हणून देवलांनी शास्त्र्यांना शास्त्रानेच धरले. वधूवर सगोत्र निघतात आणि लग्न फिसकटते. मुलीचे वय ठरवणारा कायदा झाला १९२९ साली. तो आणणाऱ्या गृहस्थांचे आडनाव सारडा, त्यामुळे आपल्याकडे कितीकांना तो शारदेच्याच नावाचा कायदा वाटत आला!

माझ्या आजीने लहानपणी सांगलीत 'शारदा' पाहिले होते. ती सांगे, भुजंगनाथ आला की सगळे लोटपोट हसत, आणि ती आईच्या पदरात तोंड खुपसून रडली. तिच्या थोरल्या बहिणीला वर्षापूर्वीच पन्नाशीच्या बिजवराला दिलेली होती. शेजारच्या बायकांना वाटले, पोर म्हाताऱ्याला भ्याली.

बायकांनी स्वतः उत्तर द्यायला १९१३ साल उजाडले. खाडिलकरांनी १९०७ साली 'बायकांचे बंड' लिहिले होते. त्याला जळगावच्या गिरिजाबाई केळकरांनी 'पुरुषांचे बंड' लिहून जबाब दिला. याच गिरिजाबाई १९२८ साली नाट्यसंमेलनाच्या अध्यक्ष झाल्या. हे नाव आज किती घरांत ठाऊक असेल? मला स्वतःला ते चाळिशीनंतर कळले, आणि मी स्वतःला नाटकवेडा म्हणवत होतो.

पुढे १९३३ साली 'आंधळ्यांची शाळा'त कुलीन घरच्या स्त्रिया उभ्या राहिल्या, आणि तीन वर्षांनी अत्र्यांनी 'लग्नाची बेडी' आणले. अत्र्यांच्या विनोदाचा मी लहानपणापासून भक्त. पण या नावाकडे आज पाहिले की एक शंका येते. १९३६ साली मुंबई इलाख्यात काडीमोडाची रूढी ज्या जातींत होती त्या सोडल्या, तर हिंदू बायकोला सुटकेचा मार्गच नव्हता. नवऱ्याला मात्र दुसरी करायला मोकळीक होती. द्विभार्येला बंदी झाली १९४६ साली, घटस्फोट आला १९४७ साली. बेडी दोघांच्या पायांत, पण एकाच्या खिशात किल्ली! आणि कुरकुर जास्त त्याचीच.

स्वातंत्र्यानंतर हसू सासूवर सरकले. बबन प्रभूंच्या 'दिनूच्या सासूबाई राधाबाई' या नावातच सगळे आले. आमच्या या शहरात तर राधाबाईंना जागाच नव्हती. १९७० साली सिडको निघाली, १९७३ साली खाडीवर पूल झाला, १९९२ साली वाशीला रेल्वे आली, आणि गिरगाव-दादरच्या खोल्यांतून जोडपी इकडे आली ती बहुधा दोघेच. भांडण झाले तर मध्यस्थाला पूल ओलांडून यावे लागे. अशा जोडप्यांना नाटक लागले ते नुसते दोघांचे. १९९८ साली प्रशांत दामले आणि कविता लाड यांचे 'एका लग्नाची गोष्ट' आले, आणि वीस वर्षांनी त्याच दोघांचे 'एका लग्नाची पुढची गोष्ट'. सीतास्वयंवराच्या खेळात जिथे पडदा पडे, तिथून पुढे दोन-दोन नाटके!

नाटक सुटल्यावर आम्ही चालतच घरी निघालो. फटाके उडत होते. मी हिला हे सगळे सांगत होतो, देवल, गिरिजाबाई, आजीचे रडणे. ही बराच वेळ ऐकत होती. मग म्हणाली, "अहो, आजींच्या त्या बहिणीचं नाव काय हो?"

मी आठवू लागलो. घरात तिला सगळे नवऱ्याच्या गावावरूनच हाक मारीत. त्या बिजवराचे नाव मला ठाऊक होते, त्याची किती एकर जमीन होती तेही ठाऊक होते. घराचे कुलूप उघडेपर्यंत मी आठवीत होतो.

"उद्या सांगलीला काकूंना फोन करा," ही म्हणाली, आणि पिशवीतल्या पणत्या मोजायला बसली.