युरी निकुलिन

युरी व्लादिमिरोविच निकुलिन (जन्म: १८ डिसेंबर, १९२१, देमिदोव, रशिया, मृत्यू: २१ ऑगस्ट, १९९७, मॉस्को) हे सोव्हिएत व रशियन चित्रपट अभिनेते आणि सर्कशीतील विदूषक होते. दिग्दर्शक लिओनिद गायदाय यांच्या विनोदी चित्रपटांमुळे ते सोव्हिएत संघात घरोघरी पोहोचले. विनोदी नट अशी ओळख असूनही त्यांनी युद्धविषयक व गंभीर चित्रपटांतही महत्त्वाच्या भूमिका केल्या.

सुरुवातीचे जीवन

निकुलिन यांचा जन्म स्मोलेन्स्क प्रांतातील देमिदोव या गावी झाला. १९२५ मध्ये त्यांचे कुटुंब मॉस्कोला स्थलांतरित झाले. शालेय शिक्षण संपताच १९३९ मध्ये त्यांना लाल सैन्यात भरती करण्यात आले. विमानविरोधी तोफखान्यात असताना त्यांनी फिनलंडविरुद्धच्या युद्धात व त्यानंतर दुसऱ्या महायुद्धात लेनिनग्राड परिसरात सेवा बजावली. १९४६ मध्ये, म्हणजे सुमारे सात वर्षांनी, ते सैन्यातून मुक्त झाले.

अभिनयाचे शिक्षण घेण्यासाठी त्यांनी मॉस्कोतील चित्रपट संस्थेत व नाट्यविद्यालयांत प्रयत्न केले. परंतु त्यांना कोठेही प्रवेश मिळाला नाही. अखेर मॉस्कोच्या स्वेत्नोय बुल्वार येथील सर्कशीच्या विदूषक प्रशिक्षण वर्गात त्यांची निवड झाली.

सर्कस

प्रशिक्षणानंतर निकुलिन यांनी 'करंदाश' (पेन्सिल) या नावाने प्रसिद्ध असलेले विदूषक मिखाइल रुम्यांत्सेव यांचे साहाय्यक म्हणून काम केले. तेथेच त्यांची मिखाइल शुयदिन यांच्याशी जोडी जमली. शुयदिन हे युद्धात रणगाडा दलात लढलेले माजी सैनिक होते. आखूड पँट, मोठे बूट आणि निर्विकार चेहरा हे निकुलिन यांच्या विदूषकाचे वैशिष्ट्य होते. प्रेक्षक हसत असताना हा विदूषक स्वतः मात्र हसत नसे. शुयदिन यांच्यासोबतची ही जोडी तीन दशके टिकली.

चित्रपट कारकीर्द

१९५८ मधील 'गिटारवाली मुलगी' या चित्रपटातील छोट्या भूमिकेद्वारे त्यांनी चित्रपटसृष्टीत पदार्पण केले. १९६१ मध्ये गायदाय यांच्या 'कुत्रा बार्बोस आणि विलक्षण शर्यत' या लघुपटात बाल्बेस (मठ्ठ) हे पात्र त्यांनी साकारले. गिओर्गी वित्सिन यांचा त्रूस (भित्रा) आणि येवगेनी मोर्गुनोव यांचा बिवाली (मुरलेला) यांच्यासह हे त्रिकूट लोकप्रिय झाले. सुरुंगाची कांडी टाकून चोरून मासे मारणाऱ्या तिघांमागे त्यांचा कुत्रा तीच पेटती कांडी तोंडात धरून धावतो, असे या लघुपटाचे संवादविरहित कथानक आहे. 'हातभट्टीवाले' हा लघुपट, 'ऑपरेशन ई व शूरिकची इतर साहसे' (१९६५) आणि 'कॉकेशसमधील बंदिनी' (१९६७) यांतही हे त्रिकूट होते. त्यानंतर मात्र गायदाय यांनी तिघांना एकत्र घेऊन चित्रपट केला नाही.

'हिऱ्यांचा हात' (१९६९) या चित्रपटात निकुलिन मुख्य भूमिकेत होते. परदेशी सहलीवर गेलेला सेम्योन गोर्बुन्कोव हा साधा नोकरदार पाय घसरून पडतो; तस्कर त्याला आपला माणूस समजून त्याच्या हातावरील प्लास्टरमध्ये दागिने लपवतात. सोव्हिएत चित्रपटगृहांत सात कोटींहून अधिक प्रेक्षकांनी हा चित्रपट पाहिला.

गंभीर भूमिका

लेव्ह कुलिजानोव यांच्या 'जेव्हा झाडे मोठी होती' या चित्रपटात अनाथ तरुणीचा पिता असल्याची बतावणी करणाऱ्या कुझ्मा इओर्दानोव या आळशी, मद्यपी माणसाची भूमिका निकुलिन यांनी केली. विनोदी नटाच्या पलीकडील त्यांचे सामर्थ्य येथे प्रथम दिसून आले. आन्द्रेय तार्कोव्स्की यांच्या 'आन्द्रेय रुब्ल्योव' (१९६६) मध्ये छळ सोसूनही चर्चचे सोने कोठे आहे हे न सांगणारा भिक्षू पात्रिकेय त्यांनी साकारला.

सेर्गेय बोंदार्चुक यांचा 'ते मातृभूमीसाठी लढले' (१९७५) आणि अलेक्सेय गेर्मान यांचा 'युद्धाविना वीस दिवस' (१९७६) हे त्यांचे उल्लेखनीय युद्धपट होत. दुसऱ्या चित्रपटात आघाडीवरून ताश्कंदला आलेल्या लोपातिन या लेखक-वार्ताहराची भूमिका त्यांनी अत्यंत संयतपणे केली. स्वतः युद्ध अनुभवलेल्या निकुलिन यांच्या चेहऱ्यावरील थकवा व शांतपणा या भूमिकेला पोषक ठरला. सर्कशीत विनोदासाठी वापरलेला तोच निर्विकार चेहरा येथे दुःख व्यक्त करतो. रोलान बिकोव यांच्या 'बुजगावणे' या चित्रपटात त्यांनी शाळकरी नायिकेच्या आजोबांची भूमिका केली.

उत्तरायुष्य व सन्मान

वयाच्या साठाव्या वर्षी निकुलिन यांनी रिंगणातून निवृत्ती घेतली व पुढे स्वेत्नोय बुल्वार सर्कशीचे संचालकपद सांभाळले. त्यांच्या कार्यकाळात जुनी इमारत पाडून बांधलेली नवी इमारत १९८९ मध्ये खुली झाली. १९७३ मध्ये त्यांना 'सोव्हिएत संघाचे लोककलावंत' हा किताब आणि १९९० मध्ये 'समाजवादी श्रमवीर' हा सन्मान मिळाला. विनोदी किस्से सांगण्यासाठीही ते प्रसिद्ध होते. 'जवळजवळ गंभीरपणे' हे त्यांचे आत्मचरित्र आहे.

हृदयावरील उपचारानंतर उद्भवलेल्या गुंतागुंतीमुळे त्यांचे मॉस्को येथे निधन झाले. नोवोदेविची स्मशानभूमीत त्यांचे दफन करण्यात आले. ही सर्कस आता त्यांच्या नावाने ओळखली जाते आणि तिच्यासमोर मोटारगाडीतून उतरणाऱ्या निकुलिन यांचे शिल्प उभारण्यात आले आहे.