फाइलच्या नावातलं गोत्र

मालिकेचं नाव, टिंब, एस०३ई०७, टिंब, ७२०पी, टिंब, एचडीटीव्ही, टिंब, एक्स२६४, मग आडवी रेघ आणि ‘डिमेन्शन’. हॉस्टेलात हार्ड डिस्क खोल्याखोल्यांतून फिरायची, तेव्हा अमेरिकी मालिकांच्या फायली अशा लांबलचक नावांनी यायच्या. काही मुलं नाव बदलून सुटसुटीत करत. मला ते कुंडली फाडल्यासारखं वाटे.

तिसरा सीझन, सातवा भाग, हे कुणालाही कळतं. पण टिंबं कशाला? ही नावं एफटीपी सर्व्हरवर आज्ञा टाइप करून काम करणाऱ्यांनी रुळवली. तिथे मोकळी जागा दिसली की संगणक शब्द संपला असं धरतो आणि एका नावाची चार नावं होतात. एचडीटीव्ही म्हणजे प्रक्षेपणावरून उतरवलेली, जाहिराती छाटलेली प्रत. रेघेनंतर ती फाइल बनवून सोडणाऱ्या टोळीचं नाव. धंदा चोरीचाच, पण शिस्त कडक! दुसऱ्या टोळीच्या फाइलीत खोट निघाली तर आपल्या प्रतीवर ‘प्रॉपर’ लिहायचं. स्वतःचंच चुकलं असेल तर ‘रीपॅक’. चुकीची इतकी उघड कबुली मी कुठल्या कचेरीत पाहिलेली नाही.

सगळ्यात रंगतदार कूळ ‘एक्सव्हिड’ या कोडेकचं, म्हणजे चित्रफीत आटवून लहान करणाऱ्या प्रणालीचं. साध्या दर्जाच्या फायलींवर बरीच वर्षं हाच शिक्का असे. जेरोम रोटा या फ्रेंच माणसाने मायक्रोसॉफ्टच्या कोडेकमध्ये फेरफार करून ‘डिव्हएक्स’ काढला. पुढे त्याची कंपनी झाली. २००१ साली तिने ‘ओपनडिव्हएक्स’चा कोड सगळ्यांसाठी खुला केला आणि त्याच वर्षी पुढचं काम बंद दाराआड नेलं. बाहेर राहिलेल्या स्वयंसेवकांनी हाती असलेल्या कोडवरून आपला वेगळा संसार मांडला आणि नाव ठेवताना डिव्हएक्सची रोमन अक्षरं सरळ उलटी लावली. भाऊबंदकीतला राग असा फाइलीच्या नावात कायमचा बसला.

या फायली ३५० एमबीच्या असत, कारण सीडीत मावतं ७०० एमबी. तासाच्या मालिकेचे दोन भाग एका सीडीत, अर्ध्या तासाचे १७५ एमबीचे चार. सीडी बर्न करणं लोकांनी सोडलं, तरी हे माप चालूच राहिलं.

फेब्रुवारी २०१२मध्ये टोळ्यांनी नवे नियम केले. साध्या दर्जाच्या फायलींतूनही एक्सव्हिड गेला, एक्स२६४ आला. फाइलीचा साचाही बदलला, एव्हीआयच्या जागी एमपी४ आली. चित्र सुधारलं, तरी बोंब उठली. फुकट पाहणाऱ्यांची तक्रार होती की घरचा डीव्हीडी प्लेयर जुनी फाइल चालवतो, नवी नाही. आमच्याही प्लेयरवर डिव्हएक्सचा चकचकीत स्टिकर होता. नवी फाइल पेनड्राइव्हमधून लावली, तर तो नाव तेवढं दाखवायचा, चित्र नाही.