जुना फुटबॉल, नवा संगणक

शंभर वर्षांपूर्वीचे पुस्तक वाचायला शंभर वर्षांपूर्वीचा चष्मा लागत नाही. संगणकाच्या आज्ञावलीचे मात्र तसे नाही. ज्या यंत्रासाठी ती लिहिली, ते यंत्र गेले की तीही मुकी होते. हे समजून घ्यायला एका खेळाचा इतिहास उपयोगी पडेल.

इंग्लंडमधील सेन्सिबल सॉफ्टवेअर या संस्थेने १९९२ साली ‘सेन्सिबल सॉकर’ हा फुटबॉलचा खेळ अमिगा संगणकासाठी काढला. मैदान उंचावरून पाहिल्यासारखे आणि खेळाडू अगदी चिमुकले. डिसेंबर १९९४ मध्ये आलेल्या ‘सेन्सिबल वर्ल्ड ऑफ सॉकर’मध्ये जगभरचे सुमारे १,५०० संघ व २७,००० खेळाडू होते. स्टॅनफर्ड विद्यापीठातील हेन्री लोवुड यांच्या पुढाकाराने २००७ साली जतनयोग्य अशा दहा संगणकीय खेळांची यादी जाहीर झाली. तीत हा खेळ होता.

परंतु अमिगा बनवणाऱ्या कमोडोर कंपनीचे दिवाळे एप्रिल १९९४ मध्येच निघाले होते. अमिगा ५०० मध्ये मोटोरोला ६८००० हा प्रक्रियक सेकंदाला सुमारे ७० लाख ठोक्यांनी चाले. आजचे संगणक कितीतरी वेगवान आहेत. पण त्यांच्या प्रक्रियकांना ६८००० ची भाषा कळत नाही. खेळाची डॉससाठी वेगळी आवृत्ती निघाली होती. तीही ६४-बिट विंडोजवर थेट चालत नाही.

यावर पहिला उपाय म्हणजे जुन्या यंत्राची नक्कल करणारी आज्ञावली. अमिगासाठी १९९५ मध्ये ‘यूएई’ आणि डॉससाठी २००२ मध्ये ‘डॉसबॉक्स’ अशा आज्ञावल्या आल्या. त्या दुभाष्याचे काम करतात: जुनी आज्ञा वाचायची आणि नव्या यंत्राकडून तोच परिणाम घडवून आणायचा. येथे वेगही सांभाळावा लागतो. आपल्याप्रमाणेच युरोपातील बहुतेक दूरचित्रवाणी संचांवर सेकंदाला ५० वेळा चित्र उमटे. चेंडूची चाल या चित्रांशी बांधलेली असेल आणि पडदा ६० चित्रांचा असेल, तर खेळ वीस टक्के जलद होतो!

दुसरा उपाय अधिक कष्टाचा आहे. यंत्रभाषेतील आज्ञा एकेक करून उलगडायच्या, त्यांचा अर्थ लावायचा आणि त्या आजच्या भाषेत पुन्हा लिहायच्या. हौशी मंडळींनी या खेळाच्या डॉस आवृत्तीवर असे काम केले आहे. निर्मात्यांची संघांची शेवटची यादी १९९६-९७ च्या हंगामाची होती. पुढील अनेक हंगामांच्या याद्या चाहत्यांनीच भरल्या. अशी माहिती कोठे साठवली आहे, हे शोधायची रीत सोपी आहे. एका खेळाडूचे नाव बदलायचे आणि फाइलमधील कोणते आकडे बदलले ते पाहायचे. एका वेळी एकच गोष्ट बदलणे, हा प्रयोगशाळेतलाच नियम नव्हे काय?

मात्र जतन करणे वेगळे आणि मालकी वेगळी. नक्कल करणारी आज्ञावली विनामूल्य मिळते, म्हणून मूळ खेळावरचा निर्मात्यांचा हक्क संपत नाही.

खेळाला चाहते होते, म्हणून तो वाचला. शाळेतील आज्ञावल्यांचे काय? आपल्या देशात १९८४ साली सुरू झालेल्या ‘क्लास’ प्रकल्पातून शाळांमध्ये बीबीसी मायक्रो संगणक आले. पुढे अनेक शिक्षकांनी स्वतः छोटे कार्यक्रम लिहिले. आपल्या शाळेच्या कपाटात अशा फ्लॉपी असतील, तर त्या भंगारात देण्यापूर्वी त्यांच्या प्रती काढून घ्याव्यात आणि यंत्राचे नाव व वर्ष वहीत लिहून ठेवावे. दुभाषा पुढे मिळू शकेल. पुसून गेलेली फ्लॉपी मात्र कोणालाच वाचता येणार नाही.