अंकुराची वाढ

दादासाहेब फाळके (१८७०–१९४४) यांनी १९१२ मध्ये मुंबईस तयार केलेला लघुपट. ‘राजा हरिश्चंद्र’ (१९१३) या कथापटाच्या आधीचा हा प्रयोग असून तो आज उपलब्ध नाही. चित्रपटाच्या इतिहासात त्याचा उल्लेख बहुधा भांडवल मिळविण्यासाठी केलेला नमुना एवढाच होतो. वस्तुतः निसर्गक्रिया व यंत्र यांचा संबंध हाच त्याचा विषय होता.

फाळके यांनी १९१२ च्या आरंभी लंडनला जाऊन विल्यमसन कॅमेरा खरेदी केला व सेसिल हेपवर्थ यांच्या निर्मितिगृहात चित्रपटतंत्र पाहिले. परतल्यावर भांडवलाची अडचण उभी राहिली. तेव्हा त्यांनी कुंडीत वाटाणे पेरून तिच्यासमोर कॅमेरा पक्का बसविला आणि महिन्याहून अधिक काळ थांबूनथांबून चित्रण केले. बी रुजते, अंकुर वर येतो व त्याचा वेल होतो, हे सर्व पडद्यावर सुमारे एका मिनिटात दिसे.

नांदेड-लातूरकडील शेतकरी हरभरा फुलोऱ्यात केव्हा येईल, घाटे केव्हा धरील, हे नेमके सांगतो. परंतु रोप प्रत्यक्ष वाढताना त्यानेही पाहिलेले नसते. ती गती डोळ्यास जाणवण्याइतकी नसते. एरवी कॅमेऱ्याचा हस्तक सतत फिरवीत दर सेकंदास साधारणपणे १६ चित्रे घेत. तीच दीर्घ अंतराने एकेक घेऊन नेहमीच्या वेगाने दाखविली की मधला काळ गळून पडतो व वाढ दिसू लागते. फाळके यांनी रोज एकच चित्र घेतले, असे अनेक ठिकाणी म्हटलेले आढळते. पण ते हिशेबात बसत नाही. तीस चित्रे दोन सेकंदांत संपतील. मिनिटभराच्या पटाला साडेनऊशेच्या आसपास चित्रे लागतात, म्हणजे दिवसास निदान पंचवीस-तीस. प्रत्येक वेळी प्रकाश सारखा राखणे व कुंडीला धक्का लागू न देणे, हे श्रम त्यात आलेच.

या तंत्राचा उपयोग जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञ व्हिल्हेल्म फेफर यांनी आधीच केला होता. इंग्लंडमध्ये पर्सी स्मिथ यांचा फुले उमलण्याचा पट १९१० मध्ये प्रदर्शित झाला होता. तेथील हेतू अभ्यास व रंजन हा होता. फाळके यांना मात्र प्रेक्षकाला यंत्राचे सामर्थ्य पटवावयाचे होते, आणि ते पटले: यशवंतराव नाडकर्णी व नारायणराव देवहरे यांनी कर्ज देऊ केले.

पुढे ‘आगकाड्यांची मौज’ या लघुपटात फाळके यांनी एकेक चित्र घेण्याची हीच युक्ती निर्जीव काड्यांना लावली. वेलाला स्वतःची गती होती, यंत्राने ती केवळ जलद केली. काड्यांना ती मुळातच नव्हती.