“औषध घेतलें”

ठाणें जिल्ह्याच्या पूर्व भागांत शहापूर व मुरबाड हे दोन तालुके सह्याद्रीच्या पायथ्याशीं वसलेले आहेत. शहापुराकडे माहुलीचा किल्ला, मुरबाडाकडे माळशेजचा घाट. मधल्या मुलखांत भाताचीं खाचरें, जंगल आणि ठाकूर-कातकऱ्यांच्या वाड्या. खेड्यांतील माणूस सर्पदंशाचें नांव घेण्याचें टाळतो. “पान लागलें” एवढेंच म्हणतो. शेतावर फवारावयाच्या विषालाही तो विष म्हणत नाहीं, औषध म्हणतो. त्यामुळें रोग्यास घेऊन आलेला नातलग “यानें औषध घेतलें” असें सांगतो, तेव्हां त्या तीन शब्दांत केवढा घोटाळा सांठलेला आहे हें शहरवासी वाचकाच्या सहसा ध्यानांत येणार नाहीं. अनुभवी डॉक्टर फसत नाहीं. तोंडाचा उग्र वास, टांचणीच्या टोकाएवढ्या झालेल्या बाहुल्या, तोंडाला सुटलेलें पाणी यांवरून तो कीटकनाशक ओळखतो. घोटाळा होतो तो पुढें, कागदावर.

हा कागदाचा इतिहास जुना आहे. मुंबई इलाख्यांत खेड्यांतील मृत्यूंची नोंद गांवच्या पाटलाकडून होत असे. तींत कारणांचे रकाने मोजके: पटकी, देवी, ताप, हगवण, इजा आणि इतर. यांत ताप हा सर्वांत मोठा रकाना; ज्याचें कारण कळलें नाहीं तें सर्व त्यांत जाई. वाटसरूंना धोतऱ्याचें बीं चारून लुटण्याच्या हकीकती त्या काळच्या न्यायवैद्यक ग्रंथांत वारंवार येतात. परंतु पाटलाच्या वहींत धोतऱ्याला जागा नव्हती. पाटील कांहीं वैद्य नव्हे, त्याला दोष देणें अन्यायाचें होईल. रकानाच नसेल तर लिहिणारा तरी काय लिहिणार?

रकाने असावेत तरी कोणते, याचा खल युरोपांत फार आधीं सुरू झाला होता. लंडनमधील मृत्यूंच्या साप्ताहिक याद्या चाळून जॉन ग्राँट यानें १६६२ मध्यें आपला ग्रंथ काढला. एकोणिसाव्या शतकांत विल्यम फार यानें हा विषय शास्त्राच्या पायरीवर आणला, आणि १८९३ मध्यें शिकागो येथील सभेपुढें झाक बर्तियाँ या फ्रेंच गृहस्थानें सर्व राष्ट्रांना चालेल अशी यादी मांडली. १९४८ साली जागतिक आरोग्य संघटनेनें तिची सहावी आवृत्ति काढली व मृत्यूबरोबर आजारांनाही तींत स्थान दिलें. दहावी आवृत्ति १९९० मध्यें मान्य झाली; अकरावी १ जानेवारी २०२२ पासून अमलांत आली.

दहाव्या आवृत्तींत विषबाधेला एक नव्हे, दोन सांकेतिक अंक लागतात, आणि हीच तिची खरी युक्ति होय. पहिला अंक वस्तु सांगतो. टी ३६ ते टी ५० हे औषधांचे. टी ५१ ते टी ६५ इतर पदार्थांचे, त्यांत टी ६० कीटकनाशकांचा व टी ६३ प्राण्यांच्या विषाचा. दुसरा अंक प्रसंग सांगतो. औषधापुरतें बोलावयाचें तर एक्स ४० ते ४४ म्हणजे अपघात, एक्स ६० ते ६४ म्हणजे स्वतः होऊन घेतलेलें, एक्स ८५ म्हणजे दुसऱ्यानें घातलेलें, आणि वाय १० ते १४ म्हणजे हेतु ठरवितां आला नाहीं असें. योग्य औषध योग्य मात्रेंत देऊनही अपाय झाला, तर ती विषबाधाच नव्हे. तिचा वर्ग निराळा.

आतां “औषध घेतलें” हे शब्द जसेच्या तसे कागदावर उतरले आणि अंक घालणाऱ्या कारकुनानें ते शब्दशः घेतले, तर भातावरचें कीटकनाशक तापाच्या गोळ्यांच्या वर्गांत जाऊन बसतें. कोणतें विष कोणत्या तालुक्यांत माणसें मारतें, कोणाच्या विक्रीवर बंधन घालावें, कोणत्या रुग्णालयांत ॲट्रोपीनचा सांठा ठेवावा, हे निर्णय याच अंकांच्या बेरजेवर व्हावयाचे असतात.

याच्या उलट, खरोखरीचें औषधच विष ठरल्याचें उदाहरण मुंबईनें पाहिलें आहे. १९८६ च्या आरंभीं जे. जे. रुग्णालयांत मेंदूवरील किंवा डोळ्यांतील दाब उतरावा म्हणून रोग्यांना ग्लिसरीन देण्यांत आलें. त्यांत डायएथिलीन ग्लायकॉल मिसळलेलें होतें. रोग्यांचीं मूत्रपिंडें निकामी झालीं व चौदा जण दगावले. पुढें न्यायमूर्ति लेंटिन यांच्या आयोगानें त्याची कसून चौकशी केली. अशा रोग्याच्या दाखल्यावर नुसतें “मूत्रपिंड निकामी” लिहिलें तर तो मृत्यू मूत्रविकारांत मोजला जाईल आणि बाटली कोणाच्याच नजरेस येणार नाहीं. अमेरिकेंत १९३७ मध्यें याच द्रव्यानें शंभरांवर माणसें मेलीं होतीं. पन्नास वर्षांनीं तेंच येथें घडलें.

दुसऱ्या अंकाची अडचण निराळी. ती भीतीची आहे. भारतीय दंड संहितेच्या कलम ३०९ प्रमाणें आत्महत्येचा प्रयत्न हा गुन्हा होता. घरांत पोलीस येतील, लोक बोलतील, म्हणून नातलग “चुकून प्यायला” असें सांगत. २०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्यानें या कलमाची धार बोथट केली, आणि १ जुलै २०२४ पासून नवी न्याय संहिता आल्यावर तें कलम उरलें नाहीं. सरकारी नोकरावर दडपण आणण्यासाठीं केलेला प्रयत्न मात्र अजून गुन्हा आहे. कायदा बदलला, पण “पोलीस केस” या शब्दाचा धाक एवढ्यांत जाणार नाहीं. आणि हेतूविषयीं कांहींच लिहिलें नाहीं तर अशी नोंद बहुधा अपघातांत जमा होते.

रुग्णालयानें द्यावयाच्या मृत्यूच्या दाखल्यावर, नमुना क्रमांक ४ वर, नैसर्गिक, अपघात, आत्महत्या, खून यांच्या जोडीला “चौकशी चालू” असाही पर्याय छापलेला आहे. विषाचा संशय असल्यास व्हिसेरा न्यायवैद्यक प्रयोगशाळेकडे जातो. मृत्यूची खबर मात्र १९६९ च्या कायद्यानुसार एकवीस दिवसांत द्यावयाची असते. प्रयोगशाळेचें उत्तर येण्यास अनेकदां त्याहून अधिक काळ लागतो. तोंवर दाखला रजिस्टरांत चढलेला असतो.