ईदच्या डब्यात घरचं चॉकलेट ट्रफल : जालन्याच्या उन्हात टिकेल असं

चांदरातीला शेवया, खारीक, चारोळी, पिस्ता असं शीरखुर्म्याचं सामान तर घरात येतंच. पण आता मुलं चॉकलेटही मागतात, आणि शेजारीपाजारी पाठवायच्या डब्यात शीरखुर्म्याच्या वाटीशेजारी चार चॉकलेटं ठेवायची पद्धत बऱ्याच घरांत आली आहे. बाजारातल्या तयार डब्यापेक्षा घरी केलेलं ट्रफल स्वस्त पडतं. त्यात काय पडलंय हे आपल्याला माहीत असतं, हा त्याहून मोठा फायदा.

ट्रफल ही मूळची फ्रान्सची मिठाई. गरम क्रीममध्ये चॉकलेट विरघळवायचं, घट्ट झालं की छोटे गोळे वळायचे आणि कोको पावडरीत घोळवायचे. क्रीम-चॉकलेटच्या या मिश्रणाला गनाश म्हणतात. ट्रफल हे नाव मात्र जमिनीखाली उगवणाऱ्या एका महागड्या अळंबीचं आहे. कोकोने माखलेला गोळा तिच्यासारखाच दिसतो. यात अंडं नाही आणि ओव्हनही लागत नाही.

हिरवा ठिपका पुरेसा नाही

युरोपात ट्रफलमध्ये रम, ब्रँडी किंवा लिकर घालायची जुनी रीत आहे. त्यामुळे परदेशातून कुणी आणलेला डबा असो की दुकानातला, मागची बारीक अक्षरं वाचायलाच हवीत. आपल्याकडे अनेकांचा समज असा की हिरवा ठिपका दिसला म्हणजे बिनधास्त खावं. तो ठिपका फक्त एवढंच सांगतो की पदार्थात मांस, मासे, अंडी किंवा प्राण्याच्या शरीरातला काही अंश नाही. दारूबद्दल तो काहीच सांगत नाही. दारू प्राण्यापासून येत नाही, त्यामुळे लिकर भरलेल्या चॉकलेटवरही हिरवा ठिपका असू शकतो.

जिलेटिनचं उलट आहे. ते प्राण्यांच्या हाडा-कातड्यापासून बनतं, म्हणून ते असेल तर तपकिरी त्रिकोण असायला हवा. लाल रंगासाठी वापरलं जाणारं आयएनएस १२० किड्यांपासून निघतं. आयएनएस ३२२ म्हणजे लेसिथिन, चॉकलेटमध्ये ते बहुधा सोयाबीनचं असतं. आयएनएस ४७१ वनस्पतीचंही असतं आणि प्राण्याचंही. हिरवा ठिपका असेल तर ते वनस्पतीचं समजावं.

व्हॅनिला इसेन्सचा प्रश्न नेहमी निघतो. काही इसेन्समध्ये अल्कोहोल असतं, काहींत नसतं, म्हणून बाटली वाचा. मसला विचारायचा असेल तर आपल्या आलिमांना विचारा. पण खरं सांगायचं तर ट्रफलला व्हॅनिलाची गरजच नाही. वेलची, केशर किंवा चमचाभर गुलाबजल आपल्या तोंडाला जास्त रुचतं. बेकरीतले ‘रम बॉल’ घेताना मात्र आत काय घातलंय हे थेट विचारावं, त्यात लाज कसली?

चॉकलेट कोणतं घ्यावं

खऱ्या चॉकलेटमध्ये कोको बटर असतं. ते साधारण ३४ अंशांना वितळतं, म्हणूनच तोंडात ठेवताच विरघळतं. आणि म्हणूनच जालन्याच्या दुपारीही विरघळतं! एप्रिल-मे महिन्यांत आपल्याकडे पारा चाळिशी ओलांडतो. कंपाउंड चॉकलेटमध्ये कोको बटरऐवजी वनस्पती तेलाची चरबी असते. ती जरा उशिरा वितळते आणि किंमतही कमी, पण चव थोडी मेणचट लागते. आमचं मत असं : घरी खायला आणि फ्रिजमधून काढून लगेच पाहुण्यांपुढे ठेवायला खरं डार्क चॉकलेट, बाहेर पाठवायला कंपाउंड.

ईद दरवर्षी १०-११ दिवस अलीकडे सरकते. २०२४ मध्ये ईदुल फित्र ११ एप्रिलला होती, २०२५ मध्ये ३१ मार्चला, आणि २०३० मध्ये ती फेब्रुवारीच्या सुरुवातीला येईल. म्हणजे चॉकलेट करणाऱ्यांचे दिवस सुधारत चाललेत. बकरी ईदला मात्र अजून काही वर्षं फ्रिजला पर्याय नाही.

कृती

२०० ग्रॅम डार्क चॉकलेट, १०० ग्रॅम फ्रेश क्रीम, १० ग्रॅम लोणी, दोन वेलदोड्यांची पूड. उन्हाळ्यात चॉकलेट २५० ग्रॅम घ्या, गोळा घट्ट राहतो. मिल्क चॉकलेट असेल तर २५० ग्रॅम लागेलच, आणि पांढरं असेल तर ३००.

चॉकलेट अगदी बारीक चिरा. क्रीम मंद आचेवर कडेला बुडबुडे येईपर्यंतच तापवा, उकळू देऊ नका. ते चॉकलेटवर ओता, दोन-तीन मिनिटं हात लावू नका, मग मधून कडेकडे हळूहळू ढवळा. लोणी आणि वेलची घाला. भांडं कोरडं ठणठणीत हवं. वितळत्या चॉकलेटमध्ये पाण्याचा थेंब पडला तर ते दाणेदार आणि घट्ट होतं. मिश्रण फाटून तूप सुटल्यासारखं दिसलं तर घाबरू नका, एक-दोन चमचे कोमट दूध घालून घोटा, बहुतेक वेळा जुळतं. झाकून दोन-तीन तास फ्रिजमध्ये ठेवा.

रमजानात हे सगळं इफ्तारनंतर करावं, म्हणजे चाखूनही बघता येतं. वळायचं काम सहरीनंतर. दिवसातली ती सगळ्यात थंड वेळ. चमच्याने छोटे गोळे काढा, तळहाताला कोको लावा आणि झटपट वळा. लहान लिंबापेक्षाही लहान केले तर पंचवीसेक होतात. कोको पावडर, पिस्त्याचा चुरा किंवा भाजलेल्या खोबऱ्याच्या किसात घोळवा.

जालन्याची मोसंबी भौगोलिक मानांकन मिळालेली आहे आणि मृग बहाराची फळं मार्च-एप्रिलच्या सुमारास बाजारात असतात. ती वापरून बघा. फवारणीचा अंश जावा म्हणून फळ मीठ घातलेल्या कोमट पाण्यात चोळून धुवा आणि पुसून कोरडं करा. वरची पातळ साल किसा, पांढरा भाग कडू असतो, तो नको. हा कीस क्रीमसोबत तापवून दहा मिनिटं झाकून ठेवा, गाळा आणि क्रीम पुन्हा गरम करून चॉकलेटवर ओता. संत्र्याइतका ठसका येत नाही, पण सुवास छान लागतो. रस मात्र घालू नका, मिश्रण फाटतं.

ठेवायचं कसं, पाठवायचं कसं

क्रीमचं ट्रफल हवाबंद डब्यात फ्रिजमध्ये पाच-सहा दिवस टिकतं. बाहेर दोन तासांपेक्षा जास्त नको, दूध आहे शेवटी. फ्रिजमधून काढलेला डबा दहा मिनिटं बंदच राहू द्या, नाहीतर गोळ्यांना घाम सुटून कोको ओला होतो.

अंबड, परतूर, भोकरदनला एसटीने डबा पाठवायचा असेल तर क्रीमच्या नादी लागू नका. उरलेल्या खजुराचं ट्रफल करा : २०० ग्रॅम मऊ खजूर बिया काढून, ५० ग्रॅम भाजलेल्या बदामाची पूड, २० ग्रॅम कोको, एक चमचा तूप. सगळं मिक्सरमधून काढून गोळे वळायचे. चॉकलेट नाही, म्हणून वितळायची भीती नाही. हे चार-पाच दिवस बाहेरही राहतात. साखर वेगळी घातलेली नसली तरी खजुरात भरपूर असते, शुगर असलेल्या वडीलधाऱ्यांना एखादाच द्या.

शेजारी अंडं किंवा मांस न खाणारे असतील तर डब्यावर एक चिठ्ठी लावा : अंडं नाही, जिलेटिन नाही, दारू नाही, बदाम-पिस्ता आहे. त्यांना विचारावं लागत नाही, आणि सुक्यामेव्याची ॲलर्जी असलेल्या मुलाच्या आईलाही कळतं.