पाखल्यांच्या वेळच्या गोष्टी

आमच्या पेडण्याच्या घरात वर्ष सांगून गोष्ट सांगायची पद्धत नव्हती. आजीच्या लेखी काळाचे दोनच भाग, पाखल्यांच्या वेळचा आणि नंतरचा. पाखले म्हणजे गोरे पोर्तुगीज. काका पुढे मुंबईत नोकरी करून आला, वर्तमानपत्रे वाचू लागला, तरी सालाऐवजी तो ‘पात्रादेवीक गोळ्ये घातले त्या वर्सा’ असेच म्हणायचा.

आजीचे माहेर सातार्ड्याचे. अलीकडे न्हयबाग, मध्ये तेरेखोलची नदी, पलीकडे सातार्डा. ओरडून हाक मारली तर ऐकू जावी एवढेच अंतर, पण तिच्या सासर-माहेरात एका साम्राज्याची हद्द होती. सावंतवाडीच्या खेमसावंतांना कोल्हापूरकरांविरुद्ध मदत हवी होती आणि त्या व्यवहारात 1788 मध्ये पेडणे पोर्तुगिजांकडे गेले. डिचोली आणि सत्तरी त्याआधी थोडी वर्षे गेली होती. या सगळ्या मुलखाला नव्या काबिजादी म्हणत. पण सोयरिकी, देवस्थाने, शाळेतले मराठी यांनी ही हद्द कधी मानली नाही. ती खरी जाणवली 1955 नंतर. सीमा बंद झाली, परमिट आले आणि आजीची आई वारल्याची बातमी तिला एका होडीवाल्याकडून आठ दिवसांनी कळली. स्वातंत्र्यलढ्याबद्दल आजी एवढेच सांगायची. मला तेवढे पुरेसे वाटायचे नाही, आता वाटते.

काकाची गोष्ट मात्र लढ्याचीच. 15 ऑगस्ट 1955. तो तोरशाच्या बाजूला गुरे घेऊन गेलेला, बारा-तेरा वर्षांचा पोर. बांद्याहून सत्याग्रही निघाले होते. पुण्याच्या गोवा विमोचन सहायक समितीने महाराष्ट्रभर आवाहन केले होते, पण त्या दिवशी पात्रादेवीला आलेले सगळे मराठी नव्हते. पंजाबातल्या इसरू गावचा कर्नैलसिंग बेनिपाल तिथे गोळी लागून पडला. मध्य प्रदेशातल्या सागरच्या सहोद्राबाई राय हातात तिरंगा घेऊन पुढे गेल्या, गोळ्यांनी जखमी झाल्या आणि दोन वर्षांनी लोकसभेत निवडून गेल्या. खाली, तेरेखोलच्या किल्ल्याकडेही त्याच दिवशी गोळीबार झाला. गोव्याच्या सीमांवर मिळून वीसहून अधिक माणसे गेली. काकाने यातले काहीच डोळ्यांनी पाहिले नव्हते. त्याने आवाज ऐकला, गुरे उधळली आणि एक गाय संध्याकाळपर्यंत सापडली नाही. गाय हरवल्याचा भाग तो जास्त रंगवून सांगायचा, आणि मला तोच खरा वाटतो.

बंदुका कुणाच्या हातात होत्या, असे विचारले की तो म्हणायचा, ‘पाखल्यांच्या नि खाप्र्यांच्या.’ खाप्री म्हणजे आफ्रिकेतून आणलेले शिपाई. हा शब्द लिहिताना माझा हात अडखळतो, कारण त्यात आमची भीती आहे तशी रंगावरून माणूस हिणवायची आमची जुनी खोडही आहे. ‘खाप्री इले’ म्हटले की पोरे घरात पळत. पण आजीकडेच याच्या उलट एक गोष्ट होती. चवथीच्या रात्री आरत्या चालल्या होत्या, घुमटाचा ताल धरलेला, आणि खळ्याच्या कडेला चौकीवरचा एक काळा शिपाई उभा राहून मांडीवर तोच ताल देत होता. ताल चुकत नव्हता, हे आजी जोर देऊन सांगायची. कुणीतरी त्याला केळीच्या पानावर नेवऱ्या नेऊन दिल्या.

त्याला इथे आणले होते, जसे आमच्या लोकांना तिथे न्यायचे ठरले होते. 1895 मध्ये गोव्यातल्या मराठा शिपायांना मोझांबिकच्या लढाईवर जायचा हुकूम आला. समुद्र ओलांडला तर जात जाणार, मागे बायकापोरांच्या पोटाचे काय तेही धड ठरलेले नाही. शिपाई हत्यारांसह सत्तरीत नाणूसच्या किल्ल्याकडे गेले, दादा राणे आणि त्यांची माणसे त्यांना मिळाली, आणि बंड मोडायला खुद्द पोर्तुगालच्या राजाचा भाऊ फौज घेऊन आला. राण्यांच्या बंडांबद्दल आपण अभिमानाने बोलतो, पण ह्या बंडाची ठिणगी आफ्रिकेतल्या लढाईवरून पडली होती, हे क्वचितच सांगतो.

मुक्ती म्हणजे 1961 च्या डिसेंबरातले दोन दिवस, अशीच आपली सवय झाली आहे. डिचोलीकडच्या माणसांना ते दिवस पक्के आठवतात. 17 डिसेंबरला मावळिंग्याला चकमक झाली, माघार घेताना पोर्तुगिजांनी डिचोलीचा आणि अस्नोड्याचा पूल उडवला, आणि 19 ला सगळे संपले. पण त्याच वर्षाच्या सुरुवातीला अंगोलात उठाव झाला होता आणि लिस्बनला शिपाई तिकडे हवे होते. गोव्यातली शिबंदी त्याआधीच निम्म्याहून कमी झाली होती. एप्रिलमध्ये कासाब्लांकात पोर्तुगीज वसाहतींतल्या चळवळी एकत्र आल्या, त्यात अंगोला, मोझांबिकबरोबर गोवाही होता.

मये गावात दिलेली माझी आत्या मात्र 1961 चे नाव काढले की हसायची. ‘गोंय सुटलें, मयें रावलें,’ म्हणायची. गावची जमीन मयेच्या काउंटची. तो गेला, 1964 च्या कायद्याने ती स्थलांतरितांची मालमत्ता ठरली आणि कस्टोडियनच्या ताब्यात गेली. पिढ्यान्‌पिढ्या राहिलेल्या घराच्या भिंतीला हात लावायचा तरी परवानगी. हे मिटवणारा कायदा 2014 मध्ये आला. तोवर आत्या नव्हती.

घरातली सर्वांत भयंकर गोष्ट मात्र आजेंत मोंतेरची. काझिमिरो मोंतेरो, गोव्यातच जन्मलेला पोलीस एजंट. अस्नोड्याचा बाळा राया मापारी फेब्रुवारी 1955 मध्ये कोठडीत छळाने मेला, त्या काळात मोंतेरचे नाव काढले तरी घरात दिवे मालवत. मोठे झाल्यावर मी त्याचा माग काढला. 1965 मध्ये त्याने पोर्तुगालचे विरोधी नेते जनरल उंबेर्तु देल्गादो यांचा खून केला. मोझांबिकात तो गुप्त पोलिसांत होता आणि तिथल्या मुक्तिलढ्याचे नेते एदुआर्दु मोंदलान यांना मारणाऱ्या बाँबबाबतही त्याच्याकडे बोट दाखवले जाते. त्याच मोझांबिकात दुसरा एक गोंयकार होता, बार्देशचा आकिनु द ब्रागांसा. तो कासाब्लांकाच्या आघाडीत होता, पुढे राष्ट्राध्यक्ष सामोरा माशेल यांचा सल्लागार झाला आणि 19 ऑक्टोबर 1986 ला त्यांच्याबरोबरच विमान कोसळून दक्षिण आफ्रिकेच्या हद्दीत गेला. मोंतेरलाही आसरा मिळाला तो वर्णभेदाच्या त्याच दक्षिण आफ्रिकेत. तिथेच तो 1993 मध्ये मेला.

हे सगळे मी काकाला सांगितले. त्याने सुपारी कातरता कातरता एकच विचारले, ‘तेका कोणी धरूक नाय?’

लिस्बनच्या कोर्टाने 1981 मध्ये शिक्षा सुनावली होती, मी म्हटले. पण आरोपी गैरहजर होता.